डाव्या हाताची दोरी

धाकट्या मास्तरला माणसांचे चेहरे लक्षात राहत नाहीत, हे सगळ्या गल्लीला ठाऊक आहे आणि त्याचा कुणी राग मानत नाही. समोरून येणाऱ्या बाईकडे ती अनोळखी नजरेने बघेल. तीच बाई पुढे गेली, तिची पाठ दिसली, की मागून हाक मारेल, अहो, तुमचा ब्लाउज झालाय, घेऊन जा. पाठ बघितली की तिला सगळं आठवतं. डावा खांदा उतरता, मानेखाली थोडा बाक, गेल्या वेळेपेक्षा कंबर वाढलेली. हे शेवटचं ती बोलून दाखवत नाही, गुपचूप शिवणीत सोडून देते. गिऱ्हाईक टिकतं ते अशाने.

मास्तर हे नाव तिला सासऱ्यांमुळे मिळालं. सासरे थोरले मास्तर, म्हणून ही धाकटी. घराची पुढची खोली हेच दुकान. खिडकीशी शिलाई मशीन, मधोमध कापायचं टेबल, आणि टेबलाच्या डोक्याशी थोरल्या मास्तरांची हातांची खुर्ची. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा तिला साधं बटण लावता येत नव्हतं. तिचा नवरा म्हणतो की अजूनही येत नाही, माझा शर्ट बघा. तो स्वतः घरं रंगवायचं काम करतो. वडिलांनी लहानपणी त्याच्या हातात कात्री दिली तर तो ती टाकून रंगाऱ्याच्या शिडीमागे धावला, आणि वडिलांनी कपाळाला हात लावून त्याचा नाद सोडला.

मग एका दुपारी नवी सून मशीन पुसत होती. पुसता पुसता तिने विचारलं, बाबा, हा स्प्रिंगचा गोळा कशाला असतो हो? हा प्रश्न मुलाच्या तोंडून ऐकायला थोरले मास्तर जन्मभर थांबले होते. सुनेच्या तोंडून आला, तर तसा. त्यांनी तिथल्या तिथे स्टूल ओढलं आणि तिला दोरा ओवायला शिकवायला बसले. स्वयंपाकघरात भात करपला. त्या दिवसापासून त्या घरात भात बरेचदा करपला, आणि कुणाची तक्रार चालली नाही.

शिकवण्याची त्यांची तऱ्हा खडूस होती. आधी रद्दी कापायला लावली, मग जुन्या चादरी. चुकलं की ओरडत नसत, नुसते चष्म्यावरून बघत, आणि ते ओरडण्यापेक्षा वाईट होतं. पहिला शर्ट तिने शिवला तेव्हा दोन्ही बाह्या एकाच बाजूच्या कापल्या. नवऱ्याने तो हौसेने अंगात घातला आणि त्याचा एक हात पाठीमागे वळूनच राहिला. थोरले मास्तर इतके हसले की चष्मा टेबलाखाली गेला. डावं-उजवं ही तिची जुनीच खोट. पण पुढे हात बसला, नजर बसली, गिऱ्हाइकं तिचं नाव काढून येऊ लागली. थोरले मास्तर हळूहळू मशीनवरून उठून खुर्चीत गेले आणि तिथून हुकूम सोडू लागले. दोघं दिवसभर भांडत. काज आडवं की उभं यावर त्यांचं भांडण सकाळी सुरू झालं तर संध्याकाळपर्यंत पुरायचं. माहेरी तिला वडील नव्हते. ते तिला या खुर्चीत मिळाले, असं ती स्वतःच म्हणते आणि म्हणताना लाजत नाही.

मग थोरल्या मास्तरांना अर्धांगवायूचा झटका आला आणि उजवा हात गेला. कात्रीचा हात. पाय ओढत का होईना, काठी टेकत ते चालू लागले. जीभ जरा जड झाली तरी टोमणे मारण्यापुरती शाबूत राहिली. डाव्या हाताने जेवायला शिकले, बटणं लावायला शिकले, दाढीसुद्धा करू लागले, जिथे राहील तिथे राहील. माणूस जिद्दीचा. कुणी मदतीला हात पुढे केला की त्या हातावर काठी यायची.

एका ठिकाणी मात्र जिद्द चालेना. मागच्या दारी संडास होता, त्यात कमोड होता, पण कमोडला टाकी नव्हती. घर बांधणाऱ्याने कमोड भिंतीला असा खेटून बसवला होता की मागे टाकीला जागाच राहिली नव्हती. का, ते त्याचं त्यालाच माहीत. सगळं घर बादलीने पाणी ओतायचं आणि त्यात कुणाला काही वाटत नव्हतं. पण भरली बादली उचलून जोराने ओतायची तर दोन हात लागतात. थोरल्या मास्तरांनी एकदा एका हाताने करून पाहिलं. बादली घसरली, ते घसरले, आणि भिंत आणि कमोड यांच्यामध्ये अडकून बसले. मुलाने दार उचकटून त्यांना बाहेर काढलं. त्यानंतर त्यांनी आतून कडी लावणं सोडलं. झालं की काठीने दारावर दोनदा टकटक करायचे. ते बाहेर आले की धाकटी मास्तर बादली घेऊन आत जायची, खाली बघत पाणी ओतायची आणि मशीनवर येऊन बसायची. मुलगा दिवसभर कामावर, मग दुसरं कोण ओतणार? याबद्दल दोघं कधी एक शब्द बोलले नाहीत. ज्यांचं काजावरून दिवसभर भांडण चालायचं, ते या गोष्टीवर मुके झाले.

तिला त्याचं काही नव्हतं, अगदी खरं. पण त्यांचं पाणी पिणं कमी झालं. चहाला नको म्हणू लागले. डॉक्टरांनी तपासलं आणि सगळ्यांना झापलं की असंच चाललं तर मूत्रपिंडं हात टेकतील.  थोरले मास्तर घरी आले, आपल्या मुलीला फोन लावला आणि जेवायला बसल्यावर जाहीर केलं की रविवारी ताई येणार आहे आणि मी तिच्याकडे राहायला जातोय, कायमचा.

ताई म्हणजे नवऱ्याची थोरली बहीण. तिचं घर मोठं, वडिलांसाठी तिने दिवसभराचा मदतनीस ठरवला होता. नवरा म्हणाला, तिथेही कुणीतरी ओतणारच ना? तेव्हा थोरल्या मास्तरांनी घास खाली ठेवला.

"परका ओतेल. पगार घेईल आणि ओतेल," ते म्हणाले. "जिला मी सुई धरायला शिकवलं, तिने माझ्यामागे बादली घेऊन उभं राहायचं, हे मला आता बघवत नाही."

धाकट्या मास्तरचा घास तोंडातच फिरायला लागला. ते जाणार म्हणजे खुर्ची रिकामी होणार. चष्म्यावरून बघणारं कुणी उरणार नाही. आणि ताईच्या त्या गुळगुळीत घरात बाबा दिवसभर करणार काय? भिंतीकडे बघत बसणार. कापड नाही, कात्रीचा आवाज नाही, चूक काढायला माणूस नाही. ते तिथे वर्षभर टिकणार नाहीत, हे तिला जेवणाच्या ताटावर बसल्या बसल्या कळलं. ती उठली, हात धुतले आणि ठरवून टाकलं की या घरात टाकी बसणार, आणि रविवारच्या आत बसणार.

दुसऱ्या दिवशी दुकान बंद ठेवून ती हार्डवेअरवाल्याकडे गेली. तिथे टाक्यांची रांगच होती, पांढऱ्याशुभ्र, वर चकचकीत बटण. पण दवाखान्यात असली टाकी होती आणि तिथे तिने पाहिलं होतं की बाबांना मागे वळून बटण दाबता येत नाही. वळायला गेले की तोल जातो. शिवाय भिंतीला खेटलेल्या कमोडमागे ही टाकी मावणारही नव्हती. तिला हवी होती ती जुन्या पद्धतीची: टाकी वर भिंतीवर, खाली नळी, आणि बाजूला लोंबणारी साखळी. बसल्या जागी हात वर करायचा आणि ओढायची. दुकानात बसलेला प्लंबर हे ऐकून दयेने हसला. बाई, असल्या टाक्या आता कुणी बसवत नाही, तो म्हणाला आणि त्याने तिला नव्या मॉडेलचे गुण सांगायला सुरुवात केली. तिने त्याला बोलू दिलं. बोलून दमल्यावर तोच माळ्यावर चढला आणि धुळीने माखलेली एक प्लॅस्टिकची टाकी खाली घेऊन आला. एका बाजूने दांडी बाहेर आलेली, दांडीला साखळी. टाकी तिला इतकी आवडली की तिने ती ओढणीने तिथेच पुसली.

आता माप. माप घेतल्याशिवाय धाकटी मास्तर उशीचा अभ्राही कापत नाही, तर साखळी कुठे यावी हे ती प्लंबरच्या अंदाजावर थोडीच सोडणार होती? घरी येऊन तिने थोरल्या मास्तरांना सांगितलं की ताईकडे जाताना नवा शर्ट हवा, तेव्हा माप देऊन ठेवा. त्यांना स्टुलावर बसवलं. पाठीमागे उभी राहिली, तिच्या नेहमीच्या जागी, आणि म्हणाली, हात वर करा. त्यांनी विचारलं, कुठला? ती म्हणाली, वर होतो तो. त्यांनी डावा हात वर केला. तिने स्टुलापासून मुठीपर्यंत टेप धरला, मग खांद्यापासून बाजूला किती जातो ते घेतलं, मग कोपरात जरा वाकवून पुन्हा घेतलं.

"हा शर्ट बसूनच घालायचाय का?" थोरल्या मास्तरांनी गंभीरपणे विचारलं.

ती म्हणाली, हल्ली असा सैल कट निघालाय. चाळीस वर्षं ज्याने मापं घेतली त्या माणसाला ती हे सांगत होती. त्यांनी मान डोलावली.

शनिवारी प्लंबर आला. नवऱ्याने कामाला दांडी मारून शिडी लावली. भिंतीत भोकं पडली, लोखंडी घोड्या बसल्या, त्यांच्यावर टाकी चढली. नळी कमोडला जोडताना आधी धार लागली, मग ठिबकायला लागलं, मग नवा रबर घालून आवळल्यावर ते सुकं पडलं. घरभर सिमेंटची धूळ झाली आणि शिवलेले कपडे चादरीखाली झाकून ठेवावे लागले. मध्येच वरून प्लंबरने विचारलं की दांडी कुठल्या बाजूला घेऊ. धाकटी मास्तर खाली दारात उभी होती, तोंड भिंतीकडे. तिने क्षणभरही विचार न करता डावा हात उचलून दाखवला. या बाजूला. माप तिच्या डोक्यात पक्कं होतं.

टाकी भरली. आतला फुगा वर आला आणि पाणी आपोआप बंद झालं. नवऱ्याने साखळी ओढली आणि असा काही लोंढा आला की तो स्वतःच मागे सरकला. प्लंबरने हात झाडले. तो दुसऱ्या गावी कामाला चालला होता, गाडीची वेळ झाली होती. जाताना म्हणाला की बाई, मानलं, जुनी टाकी असून काम फर्स्ट क्लास झालं. नवऱ्याने आणखी दोनदा साखळी ओढून घेतली, उगीच. मग दोघं स्वयंपाकघरात येऊन काही न करता उभे राहिले, कारण थोरले मास्तर काठी टेकत मागच्या दारी निघाले होते.

दार लोटलं गेलं. बराच वेळ झाला. धाकटी मास्तर लोंढ्याच्या आवाजाची वाट बघत होती. आला तो आवाज काठीचा. टक टक.

ती बादली न घेता गेली. थोरले मास्तर दाराशी उभे होते, दमलेले, कपाळावर घाम. त्यांनी प्रयत्न केला होता हे दिसत होतं.

"साखळी उजवीकडे आहे, मास्तर," ते हळूच म्हणाले.

तिने वर पाहिलं. तिच्या डाव्या बाजूला साखळी लोंबत होती, बरोब्बर मापावर, सुताचाही फरक नाही. पण ती भिंतीकडे तोंड करून उभी होती, आणि कमोडवर बसणारा माणूस भिंतीला पाठ लावून बसतो. तिचा डावा तो त्यांचा उजवा. माप तिने त्यांच्या मागे उभं राहून घेतलं होतं, तेव्हा दोघांचा डावा एकच होता. भिंतीसमोर उभी राहिली तेव्हा तिच्या डोक्यात ती भिंत म्हणजे बाबांची पाठच होती. जन्मभर लोकांच्या पाठी बघितल्याचा हा नतीजा.

"पाठीचं माप पोटाला लावलंस," थोरले मास्तर म्हणाले. रागावले नव्हते ते. उलट तिची समजूत काढत होते, आणि तेच तिला सहन झालं नाही. तिने बादली भरली, ओतली आणि कापायच्या टेबलाशी येऊन हमसाहमशी रडली.

प्लंबरला फोन लावला तर तो म्हणाला, दांडी फिरवायची म्हणजे टाकी उतरवा, घोड्या उपटा, नळी नव्याने जोडा. मी परत आलो की बघू. कधी येणार? आठवड्याभराने. नवऱ्याने साखळीला नुसती दोरी बांधून ती डावीकडे ताणून बघितली, तर दांडी खाली येण्याऐवजी आडवी वाकू लागली. मोडली असती तर होतं तेही गेलं असतं. रविवार उद्यावर येऊन ठेपला. थोरल्या मास्तरांनी आपली बॅग स्वतःच भरायला घेतली, एका हाताने, घड्या न घालता. घडी न घालता कपडे ठेवणारा तो माणूसच नव्हे.

रविवारी सकाळी ती मशीनवर बसली ती केवळ हातांना काहीतरी हवं म्हणून. एका गिऱ्हाइकाची पॅन्ट खालून दुमडायची होती. डोळ्यांत झोप नव्हती, पाय वेडावाकडा पडला आणि दोरा तुटला. तिने पुन्हा ओवायला घेतला. उजवीकडच्या रिळावरून दोरा निघाला, खाली आला, गोळ्याखालून वळसा घेतला, वर दांडीच्या भोकात गेला, तिथून खाली, डावीकडे, सुईत. हजारो वेळा हे केलं असेल. हात आपोआप चालत होते. सुईपाशी आल्यावर ती थांबली. दोऱ्याचं टोक ओठांत तसंच राहिलं. रीळ उजवीकडे. सुई डावीकडे.

ती ताडकन उठली, मागच्या दारी गेली, कमोडचं झाकण लावलं आणि भिंतीला पाठ टेकून त्यावर बसली. रोजच बसत होती, पण मापाचे डोळे घेऊन आज पहिल्यांदा. वर उजव्या हाताला टाकीची दांडी. तिथून खाली यायचं, वळसा घ्यायचा, वर डावीकडे जायचं, तिथून वरून खाली, हातात. दोरा ओवायचा तसाच. तिने नवऱ्याला हाक मारली. तो अर्धी दाढी करून आला, आणि साबणाचं तोंड घेऊनच शिडीवर चढला, कारण तिच्या आवाजात नाही म्हणायला जागाच नव्हती.

थोरल्या मास्तरांच्या काळातली लाकडी रिळं एका डब्यात पडून होती, दोरा संपला तरी न टाकलेली. त्यांतली दोन मोठी घेतली. जाड खिळ्यांवर ती फिरती बसवली, एक टाकीच्या दांडीखाली, एक डावीकडे वर. मधून नायलॉनची दोरी. पहिल्यांदा ओढली तर ती रिळावरून सटकून लोंबू लागली. मग तिने मशीनवर असतो तसा तारेचा आकडा करून प्रत्येक रिळाच्या तोंडाशी ठोकायला लावला, म्हणजे दोरी इकडे तिकडे जाणार नाही. दुसऱ्यांदा दोरी राहिली, पण दांडी अर्धीच खाली आली आणि पाण्याने नुसता हुंदका दिला. नवऱ्याचा साबण वाळून गालावर ताणला गेला होता. त्याने विचारलं, आता गं?

"खालचं रीळ दांडीच्या अगदी नाकाखाली ठेवलंय," दारातून आवाज आला. "दांडीला उतरायला जागा कुठाय? चार बोटं खाली घे."

थोरले मास्तर काठीवर रेलून उभे होते. किती वेळ उभे होते कोण जाणे. चष्म्यावरून बघत होते.

खिळा चार बोटं खाली आला. थोरले मास्तर आत आले, झाकणावर बसले, डोकं मागे टेकवून बघितलं आणि म्हणाले, आता दोरी माझ्या कानाला घासतेय, वरचं रीळ अजून वर जाऊ दे, आणि ताण जरा कमी कर, एवढा घट्ट ठेवलास तर रोजच्या रोज तुटेल. धाकटी मास्तर म्हणाली, सैल ठेवली तर दांडी ओढणार कोण? ते म्हणाले, मी सांगतो तेवढी सैल. ती म्हणाली, तुम्ही सांगाल तेवढी नाही, लागेल तेवढी. शिडीवर नवऱ्याने डोळे मिटून घेतले. कितीतरी दिवसांत दोघं असे भांडले नव्हते, आणि भांडता भांडता दोघांच्याही चेहऱ्यावर तकाकी आली होती.

दोरीच्या टोकाला काय लावायचं, यावर मात्र ती कुणाचं ऐकायला थांबली नाही. मशीनवर गेली आणि जाड कॅनव्हासचा एक रुंद फासा शिवून आणला, आतून मऊ अस्तर, दुहेरी टीप. बोटांनी धरायची गरज नाही. मनगट अडकवून हात खाली सोडला की झालं. मग ती आणि नवरा बाहेर आले आणि ती दाराबाहेरून म्हणाली, बाबा, ट्रायल घ्या.

 मग आतून कडी लागली. ती कडी लागताना ऐकली आणि धाकट्या मास्तरने नवऱ्याचा हात असा धरला की त्याच्या हातातली हातोडी पडली. आणि मग आला लोंढा. धो धो, पूर्ण, एका दमात, टाकी रिकामी होईपर्यंत. पाठोपाठ टाकी भरायचा आवाज. तो थांबला. पुन्हा लोंढा. पुन्हा भरणं. पुन्हा लोंढा. नवरा म्हणाला, गच्चीवरची टाकी रिकामी करतात हे आता. ती म्हणाली, करू देत. तिला हसू आवरेना, डोळे वाहत होते, आणि दोन्ही एकदम होत असल्यामुळे तिचं तोंड भलतंच दिसत होतं. शेजारच्या खिडकीतून कुणीतरी विचारलं की काय चाललंय. नवऱ्याने ओरडून सांगितलं की आमच्याकडे ट्रायल चाललीय.

ताई दुपारी आली. भाड्याची गाडी बाहेर उभी ठेवूनच आली, कारण लगेच निघायचं होतं. दुकानात भरलेली बॅग होती आणि बाबांची खुर्ची रिकामी. तिने विचारलं, बाबा कुठायत? धाकटी मास्तर मशीनवर पॅन्ट दुमडत होती. तिने मान न वर करता मागच्या दाराकडे बोट दाखवलं. तिला वर बघायची हिंमत नव्हती. टाकी बसली हे खरं, पण ते राहणार असं अजून ते बोलले नव्हते. बॅग अजून दाराशीच होती. मागे लोंढ्याचा आवाज झाला, कडी निघाली, काठी टेकत पावलं येऊ लागली. ती नेहमीपेक्षा भरभर येत होती.

थोरले मास्तर आले, टेबलाला धरून उभे राहिले. ताईने घाईघाईने सांगितलं की सगळं तयार आहे, खोली आवरलीय, मदतनीस उद्यापासून येतोय, चांगला माणूस आहे, तुम्हाला काही म्हणून करावं लागणार नाही.

"मला माणूस नको," ते म्हणाले. "माझं पाणी मला सोडता येतं."

ताईला त्यातलं काही कळलं नाही. ती भावाकडे बघू लागली, मग भावजयीकडे. मशीन थांबलं होतं, दुमडलेली पॅन्ट टेबलावर आली होती. थोरले मास्तर आपल्या खुर्चीत बसले, टेबलावरची पॅन्ट डाव्या हाताने ओढून घेतली, दुमड उलटून बघितली आणि चष्म्यावरून सुनेकडे एक नजर टाकली. टीप वाकडी गेली होती. मग ते मुलीकडे वळले.

"गाडी परत पाठव," ते म्हणाले. "आलीच आहेस तर राहा चार दिवस."

धाकट्या मास्तरने उठून दाराशी ठेवलेली बॅग उचलली आणि आतल्या खोलीत नेऊन रिकामी करायला घेतली, एकेक कपड्याची नीट घडी घालत.